हॉलमधले मासे आणि नाथसागर

विशाखे,

तू असतीस तर पहिल्याच ओळीला म्हणाली असतीस, "मंगल, निबंध नको, मुद्द्यावर ये." स्टाफरूममध्ये तू मला कायम असंच तोडलंस. मराठीच्या बाईंना पाल्हाळ लावल्याशिवाय साधी सुट्टीसुद्धा मागता येत नाही, हे तुझं मत. आणि विज्ञानाच्या बाई गोष्ट सांगत नाहीत, थेट निष्कर्ष सांगतात, हे माझं. आता तोडायला तू नाहीस. त्यामुळे मी पाल्हाळ लावणार आहे आणि तुला ते ऐकून घ्यावं लागणार आहे.

तुला जाऊन अजून महिना व्हायचाय. धड आजारीसुद्धा पडली नाहीस. शुक्रवारी शाळा सुटताना गेटाशी उभं राहून माझ्याशी भांडलीस, "सोमवारी बघते तुला" म्हणालीस, आणि सोमवारी मी तुझ्या दारात, पांढऱ्या साड्यांच्या गर्दीत, चपला काढायला जागा शोधत होते. रडू नंतर आलं. आधी राग आला तुझा. असं भांडण अर्धं टाकून कोणी जातं का?

भांडण अर्थातच माशांवरून होतं. आपली दुसरी भांडणं होती कुठं?

तुझ्या हॉलमध्ये सोफा नव्हता. भिंतींना लागून काचेच्या टाक्या होत्या आणि मधे तुझ्या आईंचा दिवाण. "पाव्हणं आलं तर बसवू कुठं, माशाच्या मांडीवर?" असं आई येईल त्याला विचारायच्या. बरं, मासे तरी सोनेरी, शेपट्या हलवणारे असावेत! काळपट, ठिपक्याठिपक्यांचे, अंगावर खवल्यांऐवजी चिलखत चढवलेले, तोंड पोटाशी आणि तेही काचेला चिकटलेलं. दुकानदार त्याला सकर म्हणतात. विकत घेताना बोटाएवढा असतो. टाकीतलं शेवाळ चाटून काच लख्ख करतो म्हणून लोक हौसेनं नेतात. मग तो वाढतो, वाढतच जातो, मनगटापासून कोपरापर्यंत लांब होतो, रंगीत मासे त्याच्या जाण्यायेण्यानं भेदरून जातात. अशा वेळी लोकांना एकाएकी दया सुचते. कोणाची बदली होते, कोणाला वास्तूवाला सांगतो की टाकी काढा. मासा बादलीत घालायचा, गाडी काढायची आणि पैठण धरणाचा नाथसागर गाठायचा. केवढं ते पाणी, नजर पोचत नाही तिथवर! सुखानं जगेल बिचारा. माशाला सोडून, पैठणला जेवून, मंडळी हलक्या मनानं घरी येतात.

"तो तिथं सुखानं जगतो, तीच तर अडचण आहे," तू म्हणायचीस. त्याला खाणारं या मुलखात कोणी नाही. तो तळाचं सगळं चाटून खातो, दुसऱ्यांची अंडीही सुटत नाहीत, आणि स्वतःची अंडी मात्र काठाच्या मातीत बिळं पाडून त्यात सांभाळतो. अख्खं शहर ज्या पाण्यावर जगतं, जे नळाला आलं की आपण कामं टाकून पळतो, त्या पाण्याचा तळ आपणच हौसेनं बिघडवतोय, हे तू वर्गात सांगायचीस तेव्हा मी शेजारच्या वर्गात कविता शिकवायची थांबून ऐकायचे. गोष्ट सांगता येत नाही म्हणायचे ना तुला, ते खरं नव्हतं. एवढं मात्र तुझ्या तोंडावर कधी कबूल केलं नसतं.

मग तू गुलमंडीच्या बाजूला मासे विकणाऱ्या चाचांकडे गेलीस. मी सोबत होते, ब्लाउजपीस घ्यायला आले होते खरं तर. तू त्यांना म्हणालीस, "कोणाला सकर नकोसा झाला, तर माझ्या घरचा पत्ता द्या. धरणात सोडू नका म्हणावं, माझ्याकडे आणून द्या."

चाचांनी तुझ्याकडे वरपासून खालपर्यंत पाहिलं. "मॅडम, ये तो आप मुसीबत को दावत दे रहे."

"दावत तर दावत," तू म्हणालीस.

मुसीबत आली. रिक्षानं आली, स्कूटरच्या पायाशी बादलीत बसून आली, एकदा तर प्रेशर कुकरात आली. तू दार उघडून प्रत्येकाला "थँक यू" म्हणायचीस, जणू त्यांनी पेढे आणलेत. आणि मी दिवाणावर आईंशेजारी बसून कपाळाला हात लावायचे.

आठवीची सहल आठवते का तुला? नाथसागराच्या काठी पक्षी दाखवायला मुलांना नेलं होतं आपण. पक्षी लांब होते आणि दुर्बीण एकच, म्हणून मुलं सगळी जाळं ओढणाऱ्या मामांभोवती गोळा झाली. जाळ्यात थोडी चिलापी होती, आणि मधे दोन सकर, काटे जाळ्यात अडकवून बसलेले. मामांनी शिव्या गिळत एकेक काटा सोडवला, जाळ्याला पडलेलं भोक तुला दाखवलं. "बघा बाई. बाजारात ह्याला कुनी पुसत नाय, आन् जाळं तेवढं फाडतंय. पहिलं इथं मरळ घावायची, वाम घावायची. आता समदं हेच." आणि दोन्ही मासे त्यांनी उन्हात, खडकावर भिरकावून दिले.

ते मासे लवकर मरत नाहीत, हे मला त्या दिवशी कळलं. मुलांचे डबे खाऊन झाले, पाणी पिऊन झालं, बसमध्ये बसायची वेळ आली, तरी त्यांचे कल्ले हलतच होते. तू त्यांच्याकडे बघत उभी राहिलीस. त्यांना परत पाण्यात टाकणं तुला शक्य नव्हतं आणि दगड उचलणंही शक्य नव्हतं. बसमध्ये खिडकीकडे तोंड करून बसलीस. बिडकीन मागे पडलं, मग म्हणालीस, "मंगल, काठावर टाकलेला मला बघवत नाही आणि पाण्यात सोडलेलाही बघवत नाही. मग मधे कुठंतरी माझा हॉल आहे."

मी शेतकऱ्याची पोर. करमाडला आमच्या रानात गाजरगवत पहिल्यांदा उगवलं तेव्हा आमचे आबा म्हणाले होते, फूल किती नाजूक आहे बघा! पुढं त्या नाजूक फुलानं बांध खाल्ले, रान खाल्लं, आबांच्या अंगावर खाजेचे चट्टे उठवले. तेव्हापासून मला एकच इलाज माहीत: दिसलं की उपटायचं. तेच मी तुला सांगत आले. "तुला हातानं जमत नसेल तर मला दे. बर्फात ठेवला की गुंगीतच जातो म्हणतात, त्याला कळणारही नाही. दहा वर्षं तू कोणाची धुणीभांडी काढतेस, विशाखे? ज्यानं वाटोळं केलं त्याची?"

"गाजरगवताला डोळे नसतात," तू म्हणायचीस. "आणि मी रोज सकाळी पंचशील म्हणते. जीव घ्यायचा नाही, या पहिल्याच शीलाला अडखळून पुढची कोणत्या तोंडानं म्हणू?"

"मग मामांनी मारलेले चालतात?"

"त्यांचं पोट आहे त्यावर. मी त्यांना बोलले का काही?"

"म्हणजे पाप त्यांनी करायचं आणि शील तू पाळायचं."

मी जिंकले असं मला वाटायचं आणि तुझा चेहरा बघून जिंकल्याची मजा निघून जायची. मग तू चहा टाकायचीस. पुढच्या आठवड्यात पुन्हा पहिल्यापासून.

नको असलेलं घरात घ्यायची तुला खोडच होती. मला नाही घेतलंस? सासरहून मी निघाले तेव्हा माहेरी भावजयीनं चार दिवसांत तोंड फिरवलं. शाळेत मी कोणाला काही बोलले नव्हते. तू फक्त माझी पिशवी बघितलीस, रोजच्यापेक्षा मोठी होती. शाळा सुटल्यावर ती पिशवी उचलून तुझ्या स्कूटरला अडकवलीस. त्या हॉलमध्ये, टाक्यांच्या मधे, माझी गादी पडली ती उन्हाळा संपेपर्यंत. टाक्यांच्या हवेच्या मोटारींची घरघर ऐकत झोपायची मला इतकी सवय झाली की स्वतःची खोली घेतल्यावर शांततेनं झोप येईना. किती दिवस राहणार, असं तू विचारलं नाहीस, आईंनीही नाही. आभार मानायला तोंड उघडलं की तू म्हणायचीस, "त्या डाव्या टाकीचं पाणी बदल, तेवढंच पुरे." तुझे उपकार फेडायचा रस्ता मला नेहमी त्या माशांच्या घाणीतूनच गेलेला दिसला.

आणि तिथंच, एका सकाळी, हातात जाळी घेऊन, तू ते म्हणालीस. टाकीतून एक दांडगा सकर काढून दुसरीकडे ठेवत होतीस, त्यानं काटे उभारले, तुझ्या बोटातून रक्त आलं. "शी! काय हे ध्यान," तू म्हणालीस. मी चाटच पडले. विचारलं, "तुला आवडत नाहीत हे?"

"आवडायला काय आहे त्यांच्यात? मला तर शिसारी येते. आईला नको सांगू. तिला वाटतं, हौस आहे पोरीची. हौस म्हटलं की आई सगळं सोसते. आवडत नाही म्हटलं तर विचारेल, मग राबतेस कशाला?"

मी आईंना सांगितलं नाही. तू असेपर्यंत नाही.

आता त्या शेवटच्या शुक्रवारचं. गेटाशी मी तुला एवढंच विचारलं होतं की हे मासे वर्षानुवर्षं जगतात, आपण म्हाताऱ्या झाल्यावर काय? तुझ्यानंतर यांचं कोण करणार? चिडून विचारलं, कारण आदल्या दिवशी तू आणखी एक घरात घेतला होतास. तू म्हणालीस, "सोमवारी बघते तुला." उत्तर इतक्या लवकर लागेल असं दोघींनाही वाटलं नव्हतं.

तुझ्या जलदान विधीच्या दोन दिवस आधी माझ्या मोबाइलवर तुझ्या भावाचा, संजयचा मेसेज आला. शाळेच्या ग्रुपवरही आला. तुझा फोटो, खाली मेणबत्त्या, आणि मजकूर: पुण्यानुमोदनाचा कार्यक्रम झाल्यावर ताईंच्या स्मरणार्थ, ताईंचे लाडके मासे, ताईंच्या आवडत्या नाथसागरात मुक्त करण्यात येतील, तरी माजी विद्यार्थ्यांनी हजर राहावं. खाली रांगेनं जोडलेले हात. आपल्याच शाळेतल्या बायका, तुझ्या शेजारच्या वर्गातल्या, "किती सुंदर कल्पना" लिहीत होत्या. मी स्टाफरूममध्ये उभीच राहिले. तू जे होऊ नये म्हणून एवढं आयुष्य घातलंस, तेच तुझ्या नावानं, तुझ्यावरच्या मायेपोटी, तुझ्याच मुलांच्या हातांनी होणार होतं. कोणाच्याही मनात खोट नव्हती. त्यामुळे ओरडायचं तरी कोणावर?

मी अर्ध्या दिवसाची रजा टाकली. पाल्हाळ न लावता, नोंद घे.

घरी संजयनं झाकणाचे ड्रम आणून ठेवले होते. शेंद्र्याच्या कंपनीतल्या मित्राचा टेम्पोही सांगितला होता. आई दिवाणावर बसल्या होत्या, टाक्यांकडे तोंड करून. मी त्यांच्या पायाशी बसले आणि म्हटलं, "आई, मासे धरणात सोडायचे नाहीत."

संजय दारातून वळला. "मॅडम, असं कसं बोलता तुम्ही? ताईचा जीव होता त्या धरनात. पोरं घिऊन जायची, इथं माशे पाळायची. दोनी एकत्र आनतोय आपन. आन् एवढा दर्या हाय तो, त्याच्यात हे मूठभर माशे गेले तर काय बिघडनार?"

मी त्याला गाजरगवत सांगितलं, मामांचं जाळं सांगितलं, बिळं सांगितली. तुझंच सगळं, माझ्या तोंडून. तो ऐकत होता, पण मधूनमधून आईंकडे बघत होता. आईंनी हात वर केला. "गवत आन् जीव एक असतोय का गं मंगल? माझी पोर गेली. तिचं कायतरी जितं-जागतं त्या पान्यात फिरंल, एवढीच माझी आस हाय. ती बी मोडू नको."

हुबेहूब तू. तोच वाद, तीच मान. मला हसू आलं आणि त्याच्या पाठोपाठ हुंदका. आणि मला कळलं की या बाईशी वाद घालायचा नाही, तिला खरं सांगायचं. तिच्या उरलेल्या एकुलत्या समाधानाला हात घालायचा होता.

"आई," मी म्हटलं, "तिला हे मासे आवडत नव्हते."

आईंनी माझ्याकडे असं बघितलं, जणू मी परक्या घरात शिरलेय. "कोन म्हनतंय?"

"तीच म्हणाली होती मला. शिसारी यायची तिला यांची. सोडून देणं सोपं होतं, आई. स्कूटरवर बादली ठेवायची आणि जायचं. नाथसागरात जाऊ नयेत एवढ्याचसाठी तिनं ते घरात ठेवले. रोज खायला घातलं, रोज घाण काढली. हौस नव्हती ती."

संजय काही बोलायला गेला, आईंनी त्याला गप्प केलं. त्यांनी एकेका टाकीवरून नजर फिरवली. मोटारी घरघरत होत्या. मग हळूच म्हणाल्या, "व्हय. नाव नाय ठिवलं तिनं. दारातल्या कुत्र्याला नाव ठिवलं, मांजरीला ठिवलं, त्या तुळशीला बी काय-बाय म्हनायची. ह्यातल्या एकाला बी कदी नाव नाय ठिवलं. मी म्हनायची, अगं, माशाला कशाला नाव, त्याला कुठं ऐकू येतंय." आणि पदर तोंडाला लावून, तू गेल्यापासून पहिल्यांदा, त्या मोकळ्या रडल्या. "लई राबली गं माझी लेक. आवडत नव्हतं तरी राबली. मला बोलली नाय."

संजयनं टेम्पोवाल्याला फोन लावला, येऊ नको म्हणून सांगितलं.

मासे हॉलमध्येच आहेत. संजय दौलताबादला, त्याच्या घराच्या गच्चीवर, वरून जाळी बसवून सिमेंटचा हौद बांधतोय, तयार झाला की तिकडे जातील. तोवर शाळा सुटल्यावर मी जाते. काल काचा घासल्या. दांडग्यानं मलाही काटा मारला आणि मीही "शी!" म्हणाले. आपला वाद आहे तिथंच आहे: मला अजूनही वाटतं, यांना बर्फात घालावं आणि मोकळं व्हावं. परवा कोणीतरी बादली घेऊन आलं, त्याला काही माहीत नव्हतं, "विशाखा मॅडम आहेत का?" म्हणून विचारलं. मी बादली घेतली. थँक यू म्हणाले. तुझ्यासारखं हसून म्हणायला जमलं नाही, पण म्हणाले.

कार्यक्रमाचं सांगायचं राहिलंच. हॉल भरला, जिना भरला. मुलं आली होती, मोठी झालेली, काहींच्या हातात पाण्याच्या कॅन, मासे न्यायला आणलेल्या. बौद्धाचार्यांनी त्रिशरण-पंचशील घेतलं. पहिलं शील मी नुसतं पुटपुटले. मग कोणीतरी मागून विचारलं, मासे कधी न्यायचे? संजय उठायला लागला, पण त्याच्याआधी आई उठल्या. आयुष्यात चार माणसांसमोर कधी बोलल्या नसतील. भिंतीला धरून उभ्या राहिल्या.

"माशे सोडनार नाय," त्या म्हणाल्या. "माझ्या लेकीनं हयातभर ज्याला त्या पान्यापासून धरून ठिवलं, त्याला मी तिच्याच नावानं सोडू व्हय?"

ज्या मुलांना तू शिकवलं होतंस त्यांच्यातल्या काहींनी माना खाली घातल्या. तुझं सगळं शिकवून झालं होतं, त्यांच्या लक्षात यायला तेवढा वेळ लागला.

मग जलदान. घरच्यांनी एकत्र तांब्या धरायचा असतो. आईंनी एका हातानं संजयला जवळ घेतलं, दुसऱ्यानं मला. मी मागे सरकले, तर मनगट सोडेनात. गाथा सुरू झाली आणि आम्ही तिघांनी मिळून तांब्या वाकवला. पाणी वाटीत पडत राहिलं, वाटी भरली, काठावरून ताटात उतरलं. सकाळी नळाला आलेलं पाणी होतं ते, तुझ्या नाथसागराचं. त्यात तुझा एकही मासा नव्हता.